पोटासाठी नट, जिवासाठी लेखक : फर्नांदो फर्नान गोमेझचं प्रकरण

स्पेनमधल्या बिल्बाओ शहरात ‘बुएनोस आयरेस’ नावाचं एक थिएटर होतं. १९६३ मध्ये तयार झालेला ‘एल मुंदो सिगे’ हा सिनेमा १९६५ साली तिथे लागला. नावाचा अर्थ ‘जग चालूच राहतं’. जग चाललं, सिनेमा मात्र चालला नाही. ज्या माद्रिदच्या जिन्यांवर आणि बाजारांत तो घडतो, त्या माद्रिदच्या थिएटरांत रीतसर लागायला त्याला २०१५ उजाडावं लागलं. पन्नास वर्षं. तोवर त्याचा दिग्दर्शक जाऊन आठ वर्षं झाली होती.

हा दिग्दर्शक कोणी नवशिका नव्हता. फर्नांदो फर्नान गोमेझ तेव्हा त्रेचाळीस-चव्वेचाळीस वर्षांचा होता. देशातल्या सगळ्यात ओळखीच्या चेहऱ्यांपैकी एक. लाल केस, लांबोडका देह, भलंमोठं नाक आणि खर्जातला आवाज. या सिनेमाची पटकथा त्याची, दिग्दर्शन त्याचं आणि त्यातला सर्वांत हलकट माणूसही त्यानेच रंगवलेला. त्याच्यानंतर लवकरच केलेल्या आणखी एका सिनेमाची गतही जवळपास तीच झाली. तो १९६४ चा, पण प्रेक्षकांसमोर आला १९६९ मध्ये.

एका पाठोपाठ एक असे दोन सिनेमे अडगळीत गेले की दिग्दर्शक सहसा संपतो. हा संपला नाही. सुमारे दोनशे सिनेमांत अभिनय, पंचवीसहून अधिक सिनेमांचं दिग्दर्शन, नाटकं, कादंबऱ्या, आठवणींचं पुस्तक, आणि सरतेशेवटी स्पॅनिश भाषेच्या राजेशाही अकादमीतली खुर्ची. त्याच्यावर लिहिणारे या सगळ्याला ‘बहुआयामी’ असा शब्द वापरतात आणि मोकळे होतात. त्या शब्दाने काहीच कळत नाही. माझं म्हणणं असं की ही जुळवाजुळव होती. एका हाताने कमवायचं आणि दुसऱ्या हाताने लिहायचं, आणि दुसरा हात कोणी बांधला की पहिला हात चालू ठेवायचा. ते १९६३-६४ च्या आपटीतून सर्वांत स्पष्ट दिसतं, म्हणून हे प्रकरण तिथून उलगडतो.

जन्मदाखल्यापासूनचा गोंधळ

त्याची आई, कारोला फर्नान गोमेझ, नटी होती. नाटक कंपनीच्या दक्षिण अमेरिकेच्या दौऱ्यावर असताना २८ ऑगस्ट १९२१ रोजी पेरूतल्या लिमा शहरात तिला मुलगा झाला. नोंद मात्र पुढच्या मुक्कामी, बुएनोस आयरेसमध्ये झाली. त्यामुळे हा माद्रिदमध्ये वाढलेला, माद्रिदच्या बोलीत बोलणारा माणूस कागदोपत्री अर्जेंटिनाचा नागरिक राहिला. स्पेनचं नागरिकत्व मिळालं १९८४ मध्ये, वयाच्या बासष्टीनंतर.

वडिलांचं नाव त्याला मिळालं नाही. वडीलही नटच. त्या काळच्या स्पॅनिश रंगभूमीची सम्राज्ञी मानली जाणारी मारिया गेरेरो ही वडिलांची आई. तिला हे नातं मंजूर नव्हतं. पोराला वाढवलं ते आईच्या आईने, आई दौऱ्यांवर असताना. म्हणजे रंगभूमी त्याला दोन्ही बाजूंनी मिळाली होती, पण एका बाजूने दार लावून घेतलं होतं. हे विसरू नये, कारण पुढे त्याने जे सर्वोत्तम लिहिलं ते या दाराबाहेरच्या नटांबद्दल लिहिलं.

१९३६ मध्ये स्पेनचं यादवी युद्ध पेटलं तेव्हा तो पंधरा वर्षांचाही नव्हता. वेढलेल्या माद्रिदमध्ये अराजकवादी कामगार संघटनेने नटांसाठी वर्ग चालवले होते. तिथे तो शिकला आणि १९३८ मध्ये व्यावसायिक रंगमंचावर उभा राहिला. तत्त्वज्ञान आणि साहित्याचं विद्यापीठातलं शिक्षण अर्धवट राहिलं. युद्धानंतर विनोदी नाटककार एन्रीके हार्दिएल पोन्सेला याने त्याला हेरलं आणि आपल्या नाटकात घेतलं. १९४३ मध्ये सिनेमा आला.

काम भरपूर होतं, ते का होतं

१९४० च्या दशकात स्पेनमध्ये सिनेमे धडाधड निघत होते, आणि ते प्रेक्षकांच्या हट्टापायी निघत होते असं समजायचं कारण नाही. यादवी युद्ध जिंकून हुकूमशहा झालेल्या फ्रँकोच्या राजवटीत तेव्हा परदेशी सिनेमा स्पॅनिशमध्ये डब करूनच दाखवावा लागे, आणि त्या डबिंगचे परवाने देशी सिनेमे काढणाऱ्या निर्मात्यांना मिळत. सरकारी समिती देशी सिनेमाला श्रेणी देई. श्रेणी वरची असेल तर परवाने जास्त. हॉलिवूडचा एक चालता सिनेमा हाती लागला की देशी सिनेमाचा खर्च वसूल. म्हणजे अनेक निर्मात्यांचा खरा गिऱ्हाईक समितीच्या खोलीत बसलेला होता.

अशा कारखान्यात उंच, किडकिडीत, जरा वेंधळा दिसणारा आणि संवाद चोख म्हणणारा नट कायम लागतो. फर्नान गोमेझला काम मिळत गेलं. १९४८ मध्ये नौदलाच्या शिकाऊ अधिकाऱ्यांवरचा ‘बोतोन दे आंक्ला’ तुफान चालला. १९५१ च्या ‘बालारासा’मध्ये त्याने धर्मप्रसारक पाद्री झालेल्या सैनिकाचं काम केलं आणि तो घराघरांत पोचला. अराजकवाद्यांच्या वर्गात शिकलेला पोरगा कॅथलिक राजवटीचा लाडका पाद्री झाला. पोट कसली कसली सोंगं घ्यायला लावतं!

पण त्याच सुमारास तो काय करत होता पाहा. १९४९ मध्ये त्याने माद्रिदच्या ‘काफे हिहोन’च्या नावाने लघुकादंबरीसाठी एक पारितोषिक सुरू केलं. हा कॅफे म्हणजे लेखक, चित्रकार आणि नट यांचा अड्डा. एका कॉफीवर दुपार काढायची जागा. अठ्ठावीस वर्षांचा सिनेमातला नट कादंबरीकारांना बक्षीस द्यायला निघाला, याचं तेव्हा हसू झालं असेल तर नवल नाही. ते पारितोषिक आजही दिलं जातं. नटाचा पैसा लेखकाकडे वळवण्याची ही पहिली जाहीर खूण.

मग त्याने दिग्दर्शन सुरू केलं. पहिले एकदोन प्रयत्न आपटले. जमलं ते १९५८ च्या ‘ला विदा पोर देलांते’मध्ये. मित्र मानुएल पिलारेस याच्यासोबत पटकथा लिहिली. नवविवाहित जोडपं, तो वकील, ती डॉक्टर, दोघांकडे पदव्या आहेत, पण घर नाही आणि धड कामही नाही. यातला एक प्रसंग मी कितीदा पाहिला असेल! अपघाताचा एक साक्षीदार जबानी देतो. ते काम पेपे इस्बेर्त या अफलातून म्हाताऱ्या नटाचं. साक्षीदार तोतरा आहे. तो अडखळला की पडद्यावरचं दृश्यही अडखळतं. शब्द परत घेतला की मोटारही परत येते. विनोद आहेच, पण सिनेमा या माध्यमाची नस ज्याला सापडली आहे त्यालाच हे सुचतं.

दोन सिनेमे

‘एल मुंदो सिगे’ हुआन आंतोनियो दे सुन्सुनेगी याच्या कादंबरीवर आहे. दोन बहिणी. एलोइसा एकेकाळी मोहल्ल्याची सौंदर्यराणी होती. तिने एका वेटरशी लग्न केलं. वेटर फुटबॉलच्या निकालांवर पैसे लावणारा, आज ना उद्या आपला आकडा लागणारच या भ्रमात जगणारा. पोरं वाढतात, घरात दाणा नाही. धाकटी लुईसा पैसेवाल्या पुरुषांच्या आधाराने वर चढत जाते. दोघी एकमेकींचा मनापासून द्वेष करतात. बाप महापालिकेचा शिपाई, भाऊ देवभोळा, आणि आई जिने चढून चढून दमलेली. शेवटी थोरली उंचावरून उडी घेते आणि पडते ती धाकटीच्या चकचकीत मोटारीवर.

नुसतं कथानक सांगितलं तर मेलोड्रामा वाटेल. सिनेमा तसा वाटत नाही, कारण तो कोणालाही सवलत देत नाही. गरिबी माणसाला चांगलं करते ही भाबडी समजूत त्यात औषधालाही नाही. इथे गरीब माणसं एकमेकांना ओरबाडतात, मारतात, शेजारणीच्या दुःखावर पोसतात. त्या वर्षांत स्पेनचं सरकार पर्यटकांना बोलावत होतं, वाढत्या अर्थव्यवस्थेचे आकडे मिरवत होतं. आणि हा माणूस दाखवत होता की पैसा नेमका कोणत्या जिन्याने वर चढतो. सेन्सॉरने नाकं मुरडली यात आश्चर्य कसलं?

इथे एक गोष्ट नीट समजून घ्यायला हवी. अशा सिनेमाला मारायला बंदीची गरज नसे. बंदी घातली की बातमी होते. सरकारी प्रतवारीत खाली ढकललं की पुरे. मदत आटते, वितरक हात लावत नाहीत, थिएटर मिळत नाही. कोणावर आरोप करावा हेही कळत नाही, कारण सिनेमा अडवला असं म्हणायला कागदच नसतो.

दुसरा सिनेमा ‘एल एस्त्रान्यो वियाहे’, म्हणजे ‘विचित्र प्रवास’. १९५६ मध्ये मुर्सिया प्रांतातल्या मासारोनच्या किनाऱ्यावर एक भाऊ आणि बहीण मेलेले सापडले होते. गूढ उकललं नाही. दिग्दर्शक बेर्लांगाने गप्पांच्या ओघात एक कल्पना मांडली : हे घडलं असेल तर कसं? त्यावर पेद्रो बेल्त्रानने पटकथा रचली. आधी ठरलेल्या नावात ‘मासारोनचा गुन्हा’ असा गावाचा उल्लेख होता. समुद्रकिनाऱ्याच्या गावाला गुन्ह्याने ओळखलं जावं हे कोणाला रुचणार? नाव बदललं.

गाव लहान, कंटाळवाणं. शनिवारी नाच. शहरातून बँड येतो. गावात एका मोठ्या घरात तीन भावंडं राहतात. थोरली इग्नासिया घरावर सत्ता गाजवते. धाकटी दोघं वयाने प्रौढ, पण मनाने भेदरलेली लेकरं. रात्री थोरलीच्या खोलीत कुणीतरी येतं. कोण येतं, तिथे काय चालतं आणि बायकांचे झिरझिरीत कपडे कोणासाठी विकत घेतले जातात, हे कळतं तेव्हा हसावं की हबकावं समजत नाही. पुढे खून होतो, आणि प्रेत दारूच्या रांजणात जातं.

याला भयपट म्हणावं, प्रहसन म्हणावं की गावाचं समाजशास्त्र म्हणावं, हे समीक्षकांना ठरवता आलं नाही, वितरकांना तर त्याहून नाही. १९६९ मध्ये तो माद्रिदच्या एका वस्तीतल्या थिएटरात, एका तिकिटात दोन सिनेमे या योजनेत जोडीला लागला. तिथे काही समीक्षकांनी तो पाहिला आणि बोंब ठोकली की अरे, हा केवढा मोठा सिनेमा आहे! आज स्पेनच्या सर्वोत्तम सिनेमांची यादी निघाली की त्यात तो असतो.

मला स्वतःला ‘एल मुंदो सिगे’ जास्त मोठा वाटतो. ‘विचित्र प्रवास’ चतुर आहे, त्याच्या चतुराईचं सुख मिळतं. ‘एल मुंदो सिगे’ पाहताना सुख अजिबात मिळत नाही.

मग त्याने काय केलं

सरळ सांगायचं तर तो कामावर गेला. रुसला नाही, देश सोडला नाही, हुतात्म्याचा आव आणला नाही. १९६५ मध्ये नाटककार मिगेल मिउराच्या लोकप्रिय नाटकावर ‘निनेत’ नावाचा हलकाफुलका सिनेमा दिग्दर्शित केला. नाटकं केली. इतरांच्या विनोदी सिनेमांत, त्यातल्या कित्येक अगदी टाकाऊ सिनेमांत, तोंडाला रंग लावून उभा राहिला. त्याच्या दोनशे सिनेमांपैकी किती आज पाहण्याजोगे आहेत असं कोणी विचारलं तर मी तीस म्हणेन, आणि तेही हात सैल सोडून. त्याच्या भक्तांना हे आवडणार नाही. पण टाकाऊ सिनेमे वगळून त्याची कारकीर्द सांगणं म्हणजे उसाचा रस दाखवायचा आणि चरक लपवायचा.

या टप्प्यात मला तीन गोष्टी लक्षणीय वाटतात.

पहिली, त्याने अभिनय आणि लेखन यांच्या प्रतिष्ठा एकमेकींत गुंतू दिल्या नाहीत. वाईट सिनेमात काम केल्याने लेखक म्हणून आपण बाटलो असं त्याने मानलं नाही. स्पॅनिशमध्ये नटाला जुना शब्द आहे ‘कोमिको’. तो आपल्या ‘नट’सारखाच आहे. टाळ्याही त्यात आहेत आणि हेटाळणीही. या माणसाने तो शब्द अभिमानाने लावून घेतला. कोमिको आला, कामाला बोलावलं, काम केलं, बिदागी घेतली. कलावंत म्हणवून घेणाऱ्याला हे जड जातं.

दुसरी, त्याने माध्यम बदलायला संकोच केला नाही. सिनेमाचं दार अडलं तर टेलिव्हिजन. १९७४ मध्ये स्पॅनिश टेलिव्हिजनसाठी ‘एल पिकारो’ ही मालिका केली. जुन्या स्पॅनिश साहित्यातल्या लबाड, उपाशी, हुशार भटक्यांचं जग. पटकथेत तो, दिग्दर्शनात तो, आणि लबाडही तोच.

तिसरी गोष्ट त्याच्या हातात नव्हती. तरुण दिग्दर्शकांची पिढी आली. कार्लोस साउरा, व्हिक्टर एरिसे, हाइमे दे आर्मिन्यान. त्यांना असा नट हवा होता ज्याच्या नुसत्या चेहऱ्यावर देशाची तीस वर्षं दिसतील. १९७३ मध्ये एरिसेच्या ‘मधमाश्यांच्या पोळ्याचा आत्मा’ या सिनेमात तो बापाच्या भूमिकेत आहे. युद्धानंतरचं कास्तिल, म्हणजे स्पेनच्या मध्यावरचा पठारी मुलूख, ओसाड घर, दोन लहान मुली. बाप मधमाश्या पाळतो, रात्री वहीत काहीतरी लिहितो, बोलत जवळपास नाही. छोट्या आना तोरेंतचा गोंधळ होऊ नये म्हणून पात्रांना नटांचीच नावं दिली होती, म्हणून तोही पडद्यावर फर्नांदो. तीस वर्षं संवादफेक करून पोट भरलेल्या माणसाला गप्प बसायला सांगितलं, आणि त्याचं सर्वांत खोल काम बाहेर आलं.

मग बक्षिसं लागली. १९७७ मध्ये बर्लिनला ‘एल आनाकोरेता’साठी सर्वोत्तम अभिनेत्याचं रुपेरी अस्वल. त्यात तो वर्षानुवर्षं घरच्या न्हाणीघरात राहणारा संन्यासी आहे, ॲस्पिरिनच्या नळ्यांत चिठ्ठ्या घालून संडासातून जगाकडे पाठवणारा. १९८५ मध्ये ‘स्तिको’साठी पुन्हा तेच अस्वल. तिथे रोमन कायद्याचा म्हातारा प्राध्यापक आहे. उपासमार टाळायला तो आपल्या जुन्या विद्यार्थ्याकडे गुलाम म्हणून राहायची तयारी दाखवतो, कायद्याच्या कलमांनिशी.

डाळीची वाटी आणि चित्रीकरणाचा दिवस

या काळात लेखक काय करत होता? त्याने कोणी न सांगता एक नाटक लिहिलं. ‘सायकली उन्हाळ्यासाठी असतात’. माद्रिद महापालिकेचं लोपे दे वेगा पारितोषिक त्याला फ्रँकोच्या मृत्यूनंतर, सत्तरचं दशक संपता संपता मिळालं. रंगमंचावर आलं ते एप्रिल १९८२ मध्ये, तेआत्रो एस्पान्योल या शहराच्या जुन्या थिएटरात.

१९३६ चा उन्हाळा. लुइसला सायकल हवी आहे. परीक्षेत नापास झाला म्हणून बाप थांबायला सांगतो. मग युद्ध सुरू होतं. नाटकात लढाई नाही, घर आहे. एका प्रसंगात मसुराच्या डाळीचं पातेलं रोज जरा जरा रिकामं होतंय असं आईच्या लक्षात येतं. चौकशी सुरू होते. प्रत्येकजण कबूल करतो : मी येताजाता एक चमचा खाल्ला, एकच. आईसुद्धा. उपासमार म्हणजे काय, हे याहून कमी शब्दांत कोणी सांगितल्याचं मला माहीत नाही. शेवटी बाप मुलाला सांगतो की आली आहे ती शांतता नव्हे, विजय आहे. १९८२ च्या प्रेक्षागृहात त्या विजयाखाली चाळीस वर्षं काढलेली माणसं बसलेली होती.

आणि मग ‘एल वियाहे आ निंगुना पार्ते’. ‘कुठेच न जाणारा प्रवास’. ही गोष्ट त्याने आधी रेडिओसाठी मालिका म्हणून लिहिली, १९८५ मध्ये तिची कादंबरी केली, १९८६ मध्ये सिनेमा. एकच माल तीनदा विकला असं कोणी म्हणेल. मी म्हणेन, तीनदा तासला.

युद्धानंतरच्या वर्षांत कास्तिलच्या खेड्यांतून फिरणारी, नात्यागोत्यातल्या नटांची एक फाटकी मंडळी. मुक्काम, दोन प्रयोग, पुढचं गाव. गावात सिनेमा दाखवणारा माणूस पोचला की यांचं पोट मारलं जातं. मंडळीतला म्हातारा दोन आर्तुरो हे काम फर्नान गोमेझने स्वतःकडे ठेवलं. एके दिवशी गावात चित्रीकरण येतं आणि म्हाताऱ्याला एक छोटं वाक्य मिळतं. आयुष्यभर शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं बोललेला हा नट. दिग्दर्शक म्हणतो, साधं बोला. तो साधं बोलायला जातो आणि आवाज आपोआप चढतो, हात आपोआप उठतो. पुन्हा. पुन्हा. शेवटी त्याला बाजूला करतात.

आता हे कोण करतंय पाहा. साधं बोलण्यात ज्याचा हात धरणारा नव्हता असा नट, साधं बोलता न येणाऱ्या नटाचं काम करतो आहे. ते लिहिणारा तोच. कॅमेऱ्यामागे तोच. आई दौऱ्यावर असताना जन्मलेला मुलगा आपल्या आईच्या जगाचं शेवटचं प्रकरण लिहितो आहे. अभिनय आणि लेखन इतकी वर्षं वेगवेगळ्या खात्यांत चालली होती. माझ्या समजुतीने ती इथे एका खात्यात आली.

१९८७ मध्ये स्पेनच्या चित्रपट अकादमीने गोया पुरस्कार सुरू केले. पहिल्याच वर्षी या सिनेमाला सर्वोत्तम चित्रपट, दिग्दर्शन आणि पटकथा असे तीन मिळाले. सर्वोत्तम अभिनेत्याचाही त्यालाच, पण ‘मांब्रू’ या त्याच वर्षीच्या दुसऱ्या सिनेमासाठी. त्यात तो युद्धापासून घरातच लपून बसलेला आणि फ्रँको मेल्यावर बाहेर यायला निघालेला माणूस आहे. त्या सिनेमाचा पटकथाकार पेद्रो बेल्त्रान. ‘विचित्र प्रवास’वाला तोच.

‘विचित्र प्रवास’ आणि ‘कुठेच न जाणारा प्रवास’ यांच्यात बावीस वर्षं आहेत. या काळात त्याने दिग्दर्शन सोडलं नव्हतं, पण त्या तोडीचं काही पडद्यासाठी केलं नाही. जुळवाजुळवीने त्याला जगवलं हे खरं, तिची किंमतही हीच. चाळिशी ते साठी या दिग्दर्शकाच्या ऐन भरातल्या वर्षांत त्याने काय काढलं असतं, हा हिशेब कुठल्याही पुरस्काराने भरून निघत नाही.

पुढचं जास्त गाजलेलं आहे, म्हणून भरभर. ऑस्कर मिळवणारा ‘बेले एपोक’, दिग्दर्शक गार्सीचा ‘आजोबा’, आणि १९९९ च्या ‘फुलपाखरांची जीभ’मधला गालिसियातला शाळामास्तर, ज्याला युद्ध सुरू होताच लाडका विद्यार्थीच दगड मारतो. २००० च्या जानेवारीत तो भाषेच्या अकादमीत ‘बी’ अक्षराच्या खुर्चीवर बसला. विद्यापीठ अर्धवट सोडलेला नट आता भाषेच्या कारभाऱ्यांत होता.

२१ नोव्हेंबर २००७ रोजी तो माद्रिदमध्ये गेला. शवपेटी तेआत्रो एस्पान्योलमध्ये ठेवली होती, जिथे डाळीचा प्रसंग पहिल्यांदा झाला त्याच थिएटरात. तिच्यावर अराजकवाद्यांचा लाल-काळा झेंडा होता. नंतर शहराने कोलोन चौकातल्या आपल्या नाट्यगृहाला त्याचं नाव दिलं. तिथून चालत दहाएक मिनिटांवर दुसरं एक नाट्यगृह आहे, जुनं आणि देखणं. त्याचं नाव मारिया गेरेरो.